वेव्ह लोडिंग फेल नाही गेलं भाऊ, तुझी पहिलीच लाट जड होती

प्रश्न थोडक्यात असा आला होता: वय 24, वजन 72, स्क्वॉट (खांद्यावर बार घेऊन बसणं-उठणं) 120 किलोचा एक रेप, म्हणजे एकदाच, पोलीस भरतीची तयारी चालू आहे, गोळा आणि 100 मीटर दोन्हीत मार्क अडकून राहिलेत. कोणीतरी सांगितलं म्हणून चार आठवडे 3-2-1 ची वेव्ह मारली, 105 चे तीन, 110 चे दोन, 120 चा एक, मग दीड मिनिट थांबून दुसरी वेव्ह 110-115-125. पहिल्या दिवशी हवेत होतो, नंतर दुसऱ्या वेव्हला बार खाली बसला की वर येईना, आणि भिंतीवर खूण करून मोजायची उडी जिथे होती तिथेच. मग हे वेव्ह लोडिंग फेक आहे का?

फेक नाही. पण तू जे केलं ते वेव्ह लोडिंग नव्हतंच, तो एकाच दिवशी दोनदा मॅक्स (एकदाच उचलता येईल ते सगळ्यात जड वजन) काढायचा कार्यक्रम होता. आणि हे तुझ्याच एकट्याचं नाही, मी पंधरा-सोळा वर्षं नागपुरात पोरांना बारखाली उभं करून राहिलो, दहातले आठ जण इथेच चुकतात. सगळ्यांना वाटतं वेव्हची मजा शेवटच्या जड सेटमध्ये आहे. अरे मजा दुसऱ्या लाटेच्या पहिल्या सेटमध्ये आहे! तिथे पहिल्यापेक्षा जास्त वजन असून हलकं वाटलं पाहिजे, ते वाटलं नाही म्हणजे पहिली लाट चुकली, पुढचं काही करून उपयोग नाही.

आता वेव्ह म्हणजे काय ते एकदा साफ करू. नेहमीच्या पिरॅमिडमध्ये तू वजन वाढवत जातो, रेप कमी करत जातो आणि संपलं. वेव्हमध्ये वर गेल्यावर परत खाली यायचं, पण जिथून सुरुवात केली तिथे नाही, त्याच्या जरा वर, आणि परत चढायचं. तीन सेटची एक लाट, 3-2-1 किंवा 5-3-2 किंवा 7-5-3, जशी गरज. आपल्या नागपुरात समुद्र नाही, फुटाळा तलावावर लाट बघायची तर वारा सुटायची वाट बघावी लागते, पण चित्र डोळ्यासमोर येतं ना, मागची लाट पुढच्या लाटेला उचलते तसं.

उचलते कशी हे समजून घे म्हणजे पुढचे आकडे पाठ करावे लागणार नाहीत. जड वजन उचललं की स्नायूत मायोसिन नावाच्या प्रोटीनच्या एका छोट्या साखळीला फॉस्फेट चिकटतो, त्याने स्नायूचा धागा कॅल्शियमला जास्त पटकन उत्तर देतो, म्हणजे तेवढ्याच इशाऱ्यावर जास्त जोरात आवळतो. हे जलद धाग्यांमध्ये जास्त होतं, जे गोळा फेकायला आणि 100 मीटरला लागतात तेच. पण हा प्रकार काही मिनिटांतच ओसरतो. त्याच्यानंतरही जे चांगलं वाटत राहतं त्याच्यात स्नायू गरम झालेला असतो, डोकं जागं झालेलं असतं, मज्जासंस्था मोकळी झालेली असते, असं सगळं मिळून असतं. आणि त्याच वेळी थकवाही साचत असतो, दोन्ही एकदमच वाढतात. जड सेट संपल्या संपल्या थकवा वर असतो, तीन-चार-पाच मिनिटांनी थकवा उतरतो आणि जाग राहते, ती फट पकडायची. तू दीड मिनिटात परत बारखाली गेला म्हणजे थकव्याच्या ऐन भरात गेला, वरून पहिल्या लाटेतच 100 टक्के काढून थकवा डबल करून ठेवलेला. मग बार काऊन उठणार?

आता तुझे आकडे. तुझा मॅक्स 120 धरू (तो खरा 120 आहे का यावर खाली बोलतो, त्यात एक भानगड आहे). पहिली लाट 95 चे तीन, 100 चे दोन, 105 चा एक. बस. दुसरी लाट 100 चे तीन, 105 चे दोन, 110 चा एक. सगळे मिळून 12 रेप, आणि सगळ्यात जड वजन तुझ्या मॅक्सच्या 92 टक्क्यांच्या आत. मला माहीत आहे तू हे वाचून नाक मुरडणार, काल जो तीन रेपचा सेट 105 ने सुरू करत होता तोच 105 आता पहिल्या लाटेचा शेवट झाला. पण एकेका रेपला खालून वर येताना जीव तोडून वेगात यायचं, वजन हलकं आहे म्हणून आरामात नाही. बार कितीही असो तुझा इरादा मात्र छताला भोक पाडायचा पाहिजे. खाली मात्र ताब्यात उतर, धप्पकन पडू नको.

हा वेगाचा हट्ट काऊन, ते बघ. पॉवर म्हणजे ताकद गुणिले वेग, दोन्ही लागतात. 1938 मध्ये ए. व्ही. हिल नावाच्या ब्रिटिश शास्त्रज्ञाने स्नायूवर दाखवून ठेवलंय की वजन जसं वाढतं तसा आकुंचनाचा वेग पडतो. साधा हिशोब कर, फक्त बारचा, शरीराचं वजन बाजूला ठेव. 100 किलोचा बार सेकंदाला अर्धा मीटर वेगाने वर गेला तर साधारण 490 वॉट झाले. 120 चा बार घासत घासत सेकंदाला पाव मीटरने गेला तर 294. कॉलर ताठ झाली 120 ची, पॉवर निघाली 100 ची. तू चार आठवडे रोज घासायचीच प्रॅक्टिस केली आणि शरीर तेच शिकलं, घासायला. उडी कशी वाढेल.

मग कोणी म्हणेल की पॉवरच पाहिजे तर 60 किलो घेऊन उड्या मारू ना, जड कायले? कारण मोठे धागे असे सहज जागे होत नाहीत. शरीर कंजूष आहे, आधी छोटे मोटर युनिट (एक मज्जातंतू आणि त्याच्या हुकमातले धागे) लावतं, काम भागलं नाही तरच मोठे बाहेर काढतं, म्हणून जड वजन लागतं किंवा पूर्ण जीव लावून मारलेला झटका लागतो, आणि वेव्हमध्ये दोन्ही एकाच दिवशी बसतात. जड सेट मोठ्यांना उठवतो, त्याच्यानंतरचा हलका सेट त्या उठलेल्यांकडून वेगात काम करून घेतो.

ही काही मोबाईलवरच्या रीलवाल्यांची आयडिया नाही. वेटलिफ्टिंगच्या हॉलमध्ये ही पद्धत जुनी आहे, वर जायचं, दहा-पंधरा किलो उतरायचं, परत वर. जिममध्ये ती पॉप्युलर केली कॅनडाचा कोच चार्ल्स पॉलिक्विन याने, आणि त्याची जी 1-6 ची पद्धत आहे, एक जड रेप, मग सहाचा सेट, परत एक, परत सहा, ती आपण रोमानियाच्या ड्रागोमिर चोरोस्लानकडून घेतली असं तो स्वतःच सांगायचा. हा चोरोस्लान 1984 च्या लॉस एंजेलिस ऑलिम्पिकचा कांस्यपदकवाला लिफ्टर. 1-6 पण चांगली आहे, पण ती मांस आणि ताकदीसाठी जास्त, तुझ्या कामाला सहाचे सेट लागत नाहीत, वरून तुला 1600 मीटर पण पळायचंय, पाय ठेव थोडे शिल्लक.

आता खरी गोष्ट, जी तुझ्या प्लॅनमध्ये नव्हतीच. नुसत्या स्क्वॉटच्या वेव्हने स्क्वॉट वाढतो. उडी वाढवायची तर उडी लाटेच्या आत टाकावी लागते. प्रत्येक लाटेचा शेवटचा एक रेप झाला की चार मिनिटं थांब आणि मग भिंतीजवळ तीन उड्या, बोटाला खडू लावून, प्रत्येक उडीच्या आधी दहा-पंधरा सेकंद श्वास घेऊन. जास्तीत जास्त उंच खूण कुठे लागली ते लिहून ठेव. मग दोन मिनिटांनी दुसरी लाट सुरू. दुसऱ्या लाटेच्या शेवटी परत तसंच. दुसरी खूण पहिलीच्या बरोबर किंवा वर असली तर आज तुझा दिवस आहे, वाटलं तर तिसरी लाट मार, 105-110-115. खूण खाली गेली, अगदी दोन बोटं का असेना, तर बार रॅकवर ठेवून घरी जा, आणि मित्र कितीही 'अजून एक लाव बे' म्हणाला तरी लावू नको.

हे मी पुस्तकातून नाही सांगून राहिलो. माझं वय तुझ्याएवढं असताना आम्ही तिघं जण एका पत्र्याच्या जिममध्ये जायचो, तेव्हा उडी-बिडी मोजायचं काही डोक्यात नव्हतं, मोजायचं फक्त कोणाच्या बारवर किती प्लेटा. एक दिवस तिसरी लाट झाली, चौथी लावली, ती पण कशीबशी झाली, म्हणून पाचवीच्या पहिल्या तीनमध्येच कमरेत असा चटका बसला की बार सेफ्टीवर टाकून मी तिथेच चटईवर आडवा. सहा आठवडे गेले. त्यात आमच्या युनिव्हर्सिटीच्या मीटची एंट्री गेली ती गेलीच. आणि कारण काय, तर दुसऱ्या लाटेलाच बार हळू झाला होता, सगळ्यांना दिसत होतं, मलाही दिसत होतं.

थांबायचा वेळ: दोन सेटच्या मध्ये पूर्ण तीन मिनिटं, घड्याळ लावून, अंदाजे नाही. पोरं म्हणतात एवढा वेळ काय करू, शरीर थंड पडतं. मग रील्स बघत बाकावर बसू नको, चाल, खांदे फिरव, बाटलीतून दोन घोट घे. दोन लाटांचा स्क्वॉट उड्या धरून साधारण अर्ध्या तासात होतो, वॉर्मअप पकडून पाऊण तास, जास्त नाहीच. आपल्या इथे उन्हाळा म्हणजे वेगळीच कथा, मे मध्ये पारा 45 च्या वर आणि संध्याकाळी सातला पण पत्र्याखाली भट्टी, त्या दिवसांत वेव्ह सकाळी साडेपाचला, वॉर्मअप छोटा, मीठ-लिंबू पाणी सोबत, आणि तिसऱ्या लाटेचं नावच नको. डिसेंबरात उलटं, पहाटे 10 डिग्रीत अंग आखडलेलं असतं, वॉर्मअप दुप्पट कर आणि दोन सेटच्या मध्ये स्वेटशर्ट चढव, नाहीतर तीन मिनिटांत गरमी गेली की सगळा खेळच संपला. आणि हो, व्यायामाच्या आधी तर्री पोहे खाऊन येणारे महान लोक मी बघितलेत, दुसऱ्या स्क्वॉटला तर्री घशाशी येते, नंतर खा ना बाबा, पळून थोडीच चालली.

आता ती बारची भानगड. वेव्हमध्ये वजनाची उडी छोटी पाहिजे, दोन-अडीच टक्के, फार तर पाच. आपल्या बहुतेक जिममध्ये सगळ्यात छोटी प्लेट अडीचची, म्हणजे दोन्ही बाजूला मिळून 5 किलोच्या खाली तू वाढवूच शकत नाही. स्क्वॉटला 5 चालतं, म्हणून मी वर तुला 5-5 नेच सांगितलं. पण पुश प्रेसला (गुडघ्याचा झटका देऊन बार डोक्यावर ढकलणं) 60 वरून 65 म्हणजे 8 टक्क्यांची उडी, ती लाट नाही, ती भिंत आहे. सव्वा किलोच्या प्लेटांची एक जोडी स्वतःची विकत घे आणि बॅगेत ठेव, बुटापेक्षा जास्त कामाची वस्तू आहे. दुसरं म्हणजे बार खरंच 20 चा आहे का? मी एकदा एका जिमचा बार ओळखीच्या इतवारीतल्या धान्याच्या दुकानात काट्यावर ठेवून बघितला, 16 च्या आसपास भरला, दुकानदार हसून हसून बेजार. तोपर्यंत तिथली पोरं चार-चार किलो फुकटचं उचलून राहिली होती. टक्के वगैरे काढायचे असतील तर हे आधी बघ, कारण भरतीच्या गोळ्याला कोणी सूट देत नाही, तो 7.26 चा म्हणजे 7.26 चाच.

गोळ्यावरून आठवलं. स्क्वॉटची वेव्ह तुझ्या पायाची आणि कमरेची ताकद उघडेल, पण गोळा हातातून सुटताना हाताचं पण काम आहे. दुसऱ्या दिवशी पुश प्रेसची हीच 3-2-1 लाट, टक्के तेच, त्या सव्वाच्या प्लेटा इथेच लागतील. आणि फेकायचं काम जिममध्ये करू नको, टाइल्स फुटतील आणि मालक तुला फोडेल, ग्राउंडवर कर. तिथे पण लाट बांधता येते, 7.26 चा गोळा दोन-तीनदा पूर्ण जोराने फेक, मग 6 किलोचा दोन-तीनदा, बघ तो कसा सुटतो, आणि परत 7.26 वर ये. हलका गोळा हाताला वेग शिकवतो, जड गोळा तो वेग टिकवायला लावतो. दोन्ही हातांनी गोळा पायांच्या मध्ये घेऊन डोक्यावरून मागे फेकणं पण मस्त आहे, फक्त मागे कोणी उभं नाही ना ते बघ. एकूण फेकी 15-20 च्या वर नेऊ नको. क्लीन (जमिनीवरून बार एका झटक्यात खांद्यावर घेणं) येत असेल तर क्लीनची वेव्ह सगळ्यात भारी, त्यात 70 ते 80 टक्क्यांच्या आसपासच सगळ्यात जास्त पॉवर निघते, पण येत नसेल तर भरतीच्या तोंडावर शिकायला जाऊ नको, मनगट आणि कोपर घेऊन बसशील.

आठवडा कसा लावायचा तर स्क्वॉटची वेव्ह आठवड्यातून एकदा, फार तर दोनदा, आणि मध्ये कमीत कमी दोन दिवस. 1600 चे इंटरव्हल (थांबत थांबत वेगात पळायचे तुकडे) आणि वेव्ह एकाच सकाळी नको, आणि नाइलाज असला तर आधी वेव्ह, मग पळणं, उलटं केलं तर पाय मेलेले असतात आणि मेलेल्या पायाला कुठली लाट उचलणार. पहिला आठवडा दोन लाटा, मी दिलेल्या आकड्यांवर. दुसरा आठवडा तेच आकडे पण वेग जास्त पाहिजे, खडू सांगेल तर तिसरी लाट. तिसऱ्या आठवड्यात सगळं अडीच किलोने वर. चौथ्या आठवड्यात फक्त एक लाट आणि उड्या, बाकी आराम, हा आठवडा कोणी करत नाही आणि फायदा मात्र इथेच बाहेर येतो. असे दोन फेरे झाले की मग मॅक्स बघ, त्याआधी नाही. फिजिकलची तारीख लागली की आठ-दहा दिवस आधी जड लाटा बंद, फक्त उड्या, छोटे स्प्रिंट आणि थोड्या फेकी.

एक गोष्ट मात्र खरी सांगतो, तुला आवडणार नाही कदाचित. वेव्हचा फायदा जितका माणूस आधीच बळकट तितका जास्त. स्वतःच्या वजनाच्या पावणेदोन-दोनपट स्क्वॉट असणाऱ्याला ही पद्धत जशी लागू पडते तशी नवशिक्याला पडत नाही, नवशिक्या जड सेटने नुसता थकतो, जागा होतच नाही. माझ्याकडे एक खो-खोची पोरगी यायची, वजन 50, स्क्वॉट 60, जिद्द अशी की तिला रोज वेव्हच पाहिजे. तीन आठवडे करून बघितलं, दुसऱ्या लाटेनंतर उडी दर वेळेला खाली. मग सरळ पाच-पाचचे पाच सेट, चार महिने, कंटाळवाणं काम, 60 चा 82 झाला आणि तेव्हा वेव्ह लावली तर दुसऱ्या लाटेनंतरची खूण पहिल्यांदा वर गेली. ती खूण तिने पुसू दिली नाही जिमवाल्याला, मालक चिडला होता रंग खराब झाला म्हणून.

तू 72 वर 120 म्हणजे एक पूर्णांक सहाच्या वर आहेस, अगदी काठावर. म्हणून तुझ्यावर ही लाट चालेल की नाही हे मी इथे बसून छातीठोक सांगणार नाही, तुझा खडू सांगेल. पहिले तीन आठवडे वर सांगितलं तसंच कर. खूण दुसऱ्या लाटेनंतर निदान बरोबरीत राहिली तर पुढे चल. तीनही आठवडे खाली गेली तर वेव्ह सोड, पाच-पाचचे सेट धर आणि स्क्वॉट 130-135 ला नेऊन मग परत ये. आणि गुडघ्यात किंवा कमरेत टोचणी असेल तर हे सगळं बंद करून आधी डॉक्टर किंवा फिजिओला दाखव, दुखण्यावर लाट मारत नसतात.

सोमवारी पहिला दिवस धर. बार काट्यावर ठेव, खडू खिशात घाल, मोबाईल स्टॉपवॉचवर लाव, आणि 95 चे तीन झाल्यावर 'एवढंच?' असं वाटलं तर समज पहिली लाट बरोबर बसली.